तिसऱ्या आठवड्यात बंद पडणारा व्यायाम : दोष शोधण्याची आणि दूर करण्याची रीत

तक्रार अशी असते. एक जानेवारीला, पाडव्याला किंवा डॉक्टरांनी रक्ताचा अहवाल वाचता वाचता चष्मा काढून टेबलावर ठेवला त्याच्या दुसऱ्या दिवशी व्यायाम सुरू होतो. नव्याचे नऊ दिवस तो उत्तम चालतो, मग एक खाडा पडतो, एकाचे दोन होतात आणि महिना भरण्याच्या आत नवे बूट चपलांच्या मांडणीवर सर्वांत खालच्या कप्प्यात, पावसाळी चपलांच्या शेजारी जाऊन बसतात. पुढच्या वर्षी पहिले पाढे पंचावन्न. हा प्रयोग मी पुण्यात राहून सलग अकरा वर्षे केला. बाराव्या वर्षी, म्हणजे यंदा, तो प्रथमच बंद पडलेला नाही, आणि एवढ्याच अधिकारावर मी हे लिहीत आहे.

घरातली माणसे या बिघाडाचे निदान ‘आळस’ या एका शब्दात करून मोकळी होतात. हे निदान चुकीचे आहे. आळशी माणूस मुळात सुरुवातच करत नाही. जानेवारीच्या थंडीत पहाटे पाचला कानटोपी घालून घराबाहेर पडणारा माणूस आरंभशूर असेल, पण आळशी खचित नसतो. शिवाय आळस हेच कारण असते, तर व्यायाम कोणत्याही दिवशी बंद पडला असता. तसे घडत नाही, हे मला गेल्या दिवाळीच्या साफसफाईत कळले.

आमच्याकडे दिनदर्शिकेची जुनी पाने फेकत नाहीत. ती स्वयंपाकघरातल्या फडताळात डब्यांखाली अंथरली जातात. तूरडाळीचा डबा उचलल्यावर मला २०१६ सालचा जानेवारी सापडला. त्यावर दुधाचे खाडे टिपण्यासाठी पत्नीने निळ्या शाईने काढलेल्या फुल्या होत्या आणि त्यांच्या शेजारी माझ्या व्यायामाच्या लाल खुणा होत्या : १, २, ३, आणि पुढे पान कोरे. मग मी उरलेली फडताळेही उपसली. कोठे दहा तारखेला खुणा संपल्या होत्या, कोठे एकोणीस तारखेला. पण एक गोष्ट स्पष्ट दिसत होती की व्यायाम वाटेल तेथे बंद पडलेला नव्हता. तो तिसऱ्या-चौथ्या दिवशी, नवव्या-दहाव्या दिवशी किंवा तिसऱ्या आठवड्यात, अशा तीनच ठिकाणी थांबत होता. प्रत्येक ठिकाणचे कारण वेगळे असल्यामुळे उपायही वेगळा आहे. म्हणून वाचकाने आधी आपला व्यायाम कोणत्या तारखेला थांबतो ते आठवावे.

तिसऱ्या दिवशी थांबत असेल तर

पर्वतीला १०३ पायऱ्या आहेत. २०१६ साली पहिल्याच दिवशी मी त्या चार वेळा चढलो आणि अर्थातच चार वेळा उतरलो. दुसऱ्या दिवशी काही विशेष जाणवले नाही, त्यामुळे पुन्हा तितक्याच वेळा चढउतार करून कचेरीत त्याचे वर्णनही केले. तिसऱ्या दिवशी कशीबशी एक फेरी करून, तीन तारखेची खूण पदरात पाडून घरी आलो आणि अंघोळीनंतर कचेरीला निघालो, तेव्हा मांड्या इतक्या भरून आल्या होत्या की दुसऱ्या मजल्यावरून मी कठड्याला दोन्ही हातांनी धरून खेकड्यासारखा आडवा उतरत होतो. खाली रखवालदार उभा होता.

‘‘काका, पडलात का कुठे?’’

‘‘नाही हो, व्यायाम केला.’’

त्याने क्षणभर विचार केला आणि म्हणाला, ‘‘मग डॉक्टरला दाखवून घ्या.’’

चौथ्या दिवशी मी ‘मला व्यायाम मानवत नाही’ असा निष्कर्ष काढला. या टप्प्यावर बहुतेक जण हाच निष्कर्ष काढतात आणि तो चुकीचा असतो.

प्रत्यक्षात घडते ते असे. सवय नसलेला श्रम पडला की स्नायूंच्या तंतूंना अतिसूक्ष्म इजा होते आणि तिची दुरुस्ती चालू असताना अंग दुखते. हे दुखणे श्रमाच्या वेळी नसते. ते बारा ते चोवीस तासांनी सुरू होऊन २४ ते ७२ तासांच्या दरम्यान कळसाला पोहोचते. म्हणूनच दुसरा दिवस फसवा असतो आणि तिसरा घातक. स्नायू ताण झेलत असतानाच लांबत जातो, अशा हालचालीत ही इजा सर्वाधिक होते आणि पायऱ्या उतरताना मांडीच्या पुढच्या स्नायूंचे नेमके हेच होते. माझ्या मांड्यांचा गुन्हेगार त्यामुळे पर्वतीची चढण नसून उतरण होती, आणि मी मात्र आठवडाभर चढणीला शिव्या घालत होतो. ‘लॅक्टिक आम्ल साचले’ हे व्यायामशाळेत मिळणारे स्पष्टीकरणही येथे लागू पडत नाही, कारण ते आम्ल साधारण तासाभरात रक्तातून निघून गेलेले असते.

उपाय सोपा आहे, पण मानी माणसाला जड जातो : पहिल्या आठवड्यात जितके जमेल त्याच्या निम्मेच करावे. चार वेळा चढवत असेल तर दोनदा चढावे, आणि उतरताना सावकाश उतरावे. अंग धरलेच, तर त्या दिवशी सपाट रस्त्यावर हळूहळू चालावे. संपूर्ण विश्रांतीपेक्षा त्याने बरे वाटते. तेच काम आठवड्याने पुन्हा केले की दुखणे बरेच कमी असते, कारण पहिल्या वेळच्या दुरुस्तीत स्नायू थोडे तयार झालेले असतात. हाच नियम रथसप्तमीलाही लावावा. त्या दिवशी एकशे आठ सूर्यनमस्कार सामुदायिकरीत्या घालण्याचा कार्यक्रम अनेक ठिकाणी असतो. वर्षभर एकही न घातलेल्या माणसाने त्यात पहिल्या रांगेत उभे राहणे म्हणजे अष्टमीपासून वर्षभराची सुटी मंजूर करून घेणे होय. तीनपासून सुरुवात करून महिन्याभरात बारापर्यंत गेलेला माणूस पुढच्या रथसप्तमीला पहिल्या रांगेत शोभतो.

येथे थट्टा बाजूला ठेवून एक सूचना करणे भाग आहे. दुखणे स्नायूऐवजी सांध्यात असेल, एकाच बाजूला असेल किंवा सूज आली असेल, तर ते ‘अंग धरणे’ नव्हे. अतिरेकी बैठका मारल्यानंतर लघवी गडद, काळ्या चहासारखी झाली, किंवा चालताना छातीत दाब, चक्कर वा नेहमीपेक्षा वेगळी धाप लागली, तर रखवालदाराचा सल्ला तंतोतंत पाळावा आणि त्याच दिवशी डॉक्टरकडे जावे. मधुमेहाची इन्शुलिन किंवा साखर उतरवणारी औषधे चालू असलेल्यांनी, तसेच हृदयविकाराचा इतिहास असलेल्यांनी सुरुवात करण्याआधीच विचारून घ्यावे.

दहाव्या दिवशी थांबत असेल तर

दहाव्या दिवशीचा दोष वजनकाट्यात असतो. नऊ दिवस घाम गाळून माणूस मोठ्या अपेक्षेने काट्यावर चढतो, काटा पूर्वीपेक्षा सहाशे ग्रॅम जास्त दाखवतो, माणूस उतरून काटा जरा सरकवतो, फरशी बदलतो, खिशातल्या किल्ल्या काढून पुन्हा चढतो आणि अखेरीस ‘एवढे करून उपयोग काय’ असे म्हणून चहात दोन चमचे साखर घालतो. मी हे क्रमाने सर्व केले आहे. किल्ल्यांचे वजन पन्नास ग्रॅम भरले.

काटा खोटे बोलत नाही, परंतु विचारलेल्या प्रश्नाचे उत्तरही देत नाही. नवा व्यायाम सुरू केल्यावर दुरुस्तीसाठी स्नायू पाणी धरून ठेवतात. शिवाय ते इंधन म्हणून ग्लायकोजेन साठवू लागतात आणि त्याच्या प्रत्येक ग्रॅमबरोबर सुमारे तीन ग्रॅम पाणी साठते. आदल्या रात्रीचे लोणचे-पापड, कमीजास्त प्यालेले पाणी आणि न झालेला कोठा यांनीही वजन दिवसाकाठी किलो-दीड किलो सहज वरखाली होते. या गोंधळात नऊ दिवसांत घटलेली शंभर-दोनशे ग्रॅम चरबी दिसणे शक्यच नसते.

दुसरे कारण स्वयंपाकघरात आहे आणि ते जरा बोचरे आहे. सत्तर किलो वजनाचा माणूस अर्धा तास बऱ्यापैकी वेगाने चालला की साधारण १२० कॅलरी खर्च होतात. एका मोठ्या चमचाभर तेलातही जवळजवळ तेवढ्याच कॅलरी असतात. टेकडीवरून उतरल्यावर पायथ्याशी मित्रमंडळींसह जी तर्रीदार मिसळ घेतली जाते, तिच्यावर तरंगणारा थरच आपले त्या दिवशीचे चालणे परत करतो; मिसळ आणि पाव हा त्यावरचा नफा. (सिंहगड पायथ्यापासून पायी चढणाऱ्याला वरची कांदाभजी माफ आहेत, असे माझे मत आहे. गाडीने वर जाऊन ‘आज सिंहगड केला’ म्हणणाऱ्याला नाहीत.) उपवासाचीही तीच गत. साबुदाणा म्हणजे जवळजवळ निव्वळ पिष्ट, त्यात दाण्याचे कूट आणि वर तूप. ‘एकादशी दुप्पट खाशी’ ही म्हण ज्याने केली त्याने कॅलरी न मोजताही हिशेब बरोबर मांडला होता.

यासाठी मी काटा महिनाभर माळ्यावर ठेवला आणि त्याऐवजी लेंग्याच्या नाडीकडे लक्ष दिले. नाडीला रोजच्या गाठीने एक चुरगळलेली, मळकट जागा पडलेली असते. पाचव्या आठवड्यात ती जुनी जागा गाठीपासून बोटभर बाहेर, मोकळ्या टोकाकडे आल्याचे मला दिसले, आणि त्या दिवशीही काटा जेमतेम अर्धा किलो कमी दाखवत होता. नाडीवर विश्वास नसेल तर शिंप्याकडची टेप घ्यावी आणि शेवटची बरगडी व कमरेचे हाड यांच्या मधोमध, श्वास सोडल्यावर, पोट आत न ओढता माप घ्यावे. भारतीय पुरुषांत ९० सेंटिमीटर आणि स्त्रियांत ८० सेंटिमीटर ही सावध होण्याची मर्यादा मानली जाते. पोट आत ओढून घेतलेले माप लिहून ठेवण्यात अर्थ नाही. मी ते एक वर्ष केले आणि माप सुधारत गेले, सदरे मात्र घट्टच होत राहिले.

तिसऱ्या आठवड्यात थांबत असेल तर

बहुसंख्य लोकांचा बिघाड येथेच आहे, आणि माझ्या अकरा पानांपैकी सात पाने याच आठवड्यात कोरी झालेली होती. या टप्प्यावर अंग दुखत नसते आणि काट्याचा रागही ओसरलेला असतो. व्यायाम थांबतो तो एका अगदी रास्त कारणाने : साखरपुड्यासाठी सांगलीला जावे लागते, घरी पाहुणे येतात, नाक चोंदते. त्या दोन-तीन दिवसांबद्दल कोणीही आपल्याला दोष देणार नाही. दोष असतो त्यानंतरच्या दिवसात. सांगलीहून परतल्यावर माणूस दोनांपैकी एक गोष्ट करतो. एक तर तो राहिलेले तीन दिवस भरून काढायला निघतो, म्हणजे एकाच सकाळी तिप्पट व्यायाम करतो, आणि मग वर वर्णिलेला तिसरा दिवस पुन्हा उगवतो. नाही तर ‘आता मध्येच कुठे, सोमवारपासून नीट सुरू करू’ असे ठरवतो. सोमवारी उशीर होतो, मग एक तारीख गाठायची ठरते आणि एक तारखेनंतर सरळ पाडवाच जवळ वाटू लागतो.

यावरचा उपाय मला त्याच दिनदर्शिकेवर, त्याच पानावर, निळ्या शाईत लिहिलेला सापडला. दुधाचा खाडा पडतो तेव्हा आपण काय करतो? फुली मारतो आणि दुसऱ्या दिवशी नेहमीप्रमाणे एक लिटर घेतो. काल दूध आले नाही म्हणून आज कोणी दोन लिटर घेत नाही. खाडा पडला म्हणून दूधवाल्याला ‘आता पाडव्यापासूनच या’ असेही कोणी सांगत नाही. वर्षानुवर्षे आमच्या घरी दर महिन्याला चार-पाच खाडे पडत आले आणि तरीही घरात एक दिवस चहा चुकलेला नाही. व्यायामाचा खाडा मात्र मी चारित्र्याचा प्रश्न करून बसलो होतो.

म्हणून यंदा तीन नियम ठरवले. खाड्याची फुली खुणेइतक्याच मोठ्या अक्षरात मारायची, लपवायची नाही. खाडा संपल्याच्या पहिल्या दिवशी, तो वार कोणताही असो, नेहमीच्या निम्मा व्यायाम करायचा. आणि राहिलेले भरून काढायचे नाही. याला आधारही आहे. ‘सवय एकवीस दिवसांत लागते’ ही समजूत १९६० साली एका अमेरिकन प्लास्टिक सर्जनने आपल्या रुग्णांच्या निरीक्षणावरून केलेल्या विधानातून पसरली. पुढे लंडनमध्ये ९६ जणांवर झालेल्या अभ्यासात एखादी नवी गोष्ट अंगवळणी पडायला सरासरी ६६ दिवस लागल्याचे दिसले, आणि माणसामाणसांत १८ ते २५४ दिवस इतका फरक होता. एखादा दिवस चुकल्याने सवय लागण्यात विशेष अडथळा येत नाही, हेही त्याच अभ्यासात आढळले. तात्पर्य असे की तिसऱ्या आठवड्यात ‘मला अजून सवयच लागत नाही’ म्हणून खचणारा माणूस जेमतेम एक तृतीयांश वाटेवर असतो.

थांबत नाही, पण फरकही पडत नाही, अशी तक्रार असेल तर

ही तक्रार बहुधा गटाने चालणाऱ्यांची असते. जागतिक आरोग्य संघटना प्रौढांना आठवड्याला १५० ते ३०० मिनिटे मध्यम श्रम आणि किमान दोन दिवस स्नायूंना बळ देणारा व्यायाम सुचवते. ‘मध्यम’ ओळखण्याची खूण अशी की बोलता यावे, पण गाता येऊ नये. आमच्या गटात निवडणुकीपासून नळाच्या वेळेपर्यंत सर्व विषय होतात, आणि एक निवृत्त सद्गृहस्थ रोज भूपाळी म्हणत चालतात. तीही खड्या आवाजात, एकही ओळ न तोडता. अशा वेळी वेग वाढवावा. मिनिटाला साधारण शंभर पावले पडली की मध्यम श्रम होतो. या हिशेबाने आपली परंपरागत शतपावली अक्षरशः केली तर ती एका मिनिटात आटोपते. जेवणानंतर तिला दहा मिनिटांपर्यंत ताणावे, कारण जेवल्यावर चालल्याने रक्तातील साखरेची उसळी कमी होते.

मनगटावरच्या घड्याळाचेही फार मनावर घेऊ नये. ते हाताच्या झोक्यावरून पावले मोजते. माझे घड्याळ पत्नीने एके दिवशी सहज घालून पोळ्या लाटल्या, तर त्याने ओट्याशी उभ्या असलेल्या बाईंच्या खात्यावर कित्येक पावले जमा केली; याउलट मी दोन्ही हातांत भाजीच्या पिशव्या घेऊन मंडईतून चालत आलो, तेव्हा त्याने मी बसूनच होतो असे ठरवले. शिवाय दहा हजारांचा आकडा कोणा वैद्याने घालून दिलेला नाही. १९६५ साली जपानमध्ये पावले मोजण्याचे एक उपकरण विक्रीस आले, त्याचे नावच ‘दहा हजार पावले मोजणारे’ अशा अर्थाचे होते, आणि तेव्हापासून तो आकडा चिकटला.

किरकोळ बिघाड

जोडीदाराची कोंडी : दोन मित्र ठरवून व्यायाम करतात तेव्हा पहाटे साडेपाचला पुढील संभाषण होते. ‘‘उठलास का रे?’’ ‘‘उठलोय. तुमच्याकडे पाऊस आहे का?’’ ‘‘आहे बहुतेक.’’ ‘‘मग राहू दे.’’ दोघांच्या घरांत दोन गल्ल्यांचे अंतर असते आणि महिना फेब्रुवारी असतो. यावर उपाय म्हणजे फोन करू नये. ठरलेल्या चौकात जावे, दुसरा आला तर बरोबर, नाही तर एकट्याने निघावे.

घरातला ट्रेडमिल : त्यावर ओला टॉवेल वाळत असेल तर बिघाड यंत्रात नाही. पायाखाली फिरत राहणारे असे यंत्र १८१८ साली इंग्लंडमध्ये तुरुंगातल्या कैद्यांसाठी बसवण्यात आले होते, हे लक्षात घेता आपल्याला त्यावर चढावेसे न वाटणे स्वाभाविक आहे. आधी गच्चीत दोरी बांधावी, मग यंत्र दूरदर्शन संचासमोर आणावे. ते झेपत नसेल तर गरजूला देऊन टाकावे.

पहाटेचा हट्ट : रात्री साडेअकराला झोपणाऱ्याने पाचचा गजर लावणे हा व्यायाम नसून झोपेची चोरी आहे. संध्याकाळी सात वाजता केलेला व्यायामही शरीर तितक्याच आनंदाने स्वीकारते.

पावसाळा : जूनमध्ये टेकडीची वाट निसरडी होते, म्हणून मी इमारतीखालच्या वाहनतळात फेऱ्या मारतो. एक फेरी नव्वद पावलांची आहे, त्यामुळे अर्ध्या तासासाठी तीसएक फेऱ्या लागतात. अडचण एवढीच की गाड्यांचे क्रमांक वाचत चालताना माझी मोजणी चुकते आणि चुकली की ती नेहमी माझ्या फायद्याची चुकते. हा दोष रखवालदाराने परस्पर दूर केला. तो खुर्चीत बसल्या बसल्या आगंतुकांच्या वहीच्या मागच्या पानावर पाच-पाचच्या रेघा ओढतो, आणि मी घाम पुसत जिन्याकडे वळलो की वहीतून मान वर न काढता म्हणतो, ‘‘काका, अजून चार राहिल्यात.’’